मुद्दा क्रमांक सात

बाकीचे मुद्दे मला पाठ आहेत.
अर्जदार अमुक, राहणार तमुक,
सामनेवाले कार्यकारी अभियंता, पाटबंधारे विभाग.
बोटं आपोआप जातात, तोवर मी चहा सांगतो.
सातव्याला मात्र थांबावं लागतं.
सातवा: विलंबाची कारणे.

जळगाव कोर्टाच्या आवारात, लिंबाखाली
माझं टेबल, दोन खुर्च्या, त्यातली एक लंगडी.
लंगडीवर धुडकू नथू बाविस्कर, वय अठ्ठ्याहत्तर.
आधीची तीन गेली, म्हणून आईनं ठेवलेलं नाव,
यमानं धुडकावून लावावं म्हणून.
यमानं लावलं.
मग खात्यानं लावलं.

गिरणेचा डावा कालवा, चारी अकरा, पाटकरी.
कुणाचं पाणी रात्री दोनला, कुणाचं साडेतीनला,
बॅटरीच्या उजेडात पाळीपत्रक, चौदा वर्षं.
पौषातल्या एका रात्री चारी फुटली.
कौतिकबाईची दीड एकर दादर, नुकती निसवलेली,
उजाडता उजाडता आडवी.
आठव्या दिवशी बडतर्फीचा हुकूम.
चौकशी नाही, नोटीस नाही,
सहीपुरती जागा तेवढी मोकळी.

आता निवृत्तिवेतन मागतोय.
विलंब: नऊ हजार चारशे सोळा दिवस.
वकीलसाहेब म्हणतात, एकेका दिवसाचा खुलासा लागतो.

विचारलं, बाबा, आजारी होता का मधे?
नाही.
दवाखान्याचा दाखला मिळतो, दोनशेत.
नको.
आधीच्या वकिलानं फसवलं? हुकूम हरवला होता?
हुकूम पेटीत होता, म्हणाला, धोतरांच्या वर.
रोज दिसायचा.
मग इतकी वर्षं केलं काय?

त्यानं टोपी काढली, आतला घाम पुसला, परत घातली.
‘माले वाटे, मनीच चूक शे.’

नऊ हजार चारशे सोळा दिवस
कौतिकबाईच्या बांधावरून जाताना मान खाली.
तिच्या नातवाच्या लग्नात मांडवापर्यंत गेला,
पंगतीला बसला नाही.
दर पौषात मजुरीच्या दाण्यांतली पायलीभर दादर
तिच्या ओट्यावर ठेवून यायचा, न बोलता.
ती वारली त्या सालीसुद्धा.
घरच्यांना वाटलं, कुणाचा तरी नवस असेल.

गेल्या साली पुतण्यानं
विहिरीच्या अनुदानासाठी माहितीचा अर्ज टाकला.
उत्तरात भलताच गठ्ठा आला, आणि गठ्ठ्यात एक टिपण,
चारी फुटण्याच्या दोन महिने आधीचं:
‘चारी अकरा. भराव खचला आहे. तातडीने दुरुस्ती आवश्यक.’
खाली हिरव्या शाईत:
‘निधी नाही. फाईल करावी.’
झेरॉक्समध्ये ती शाई काळीच आली आहे.
हिरवी होती हे मी म्हणतोय. मोठ्या सह्या हिरव्याच असतात.

मी बराच वेळ कळांवर बोटं ठेवून बसलो.
शरम हा शब्द या मुद्द्यात कधी घातलेला नाही.
साहेब खोडतील.
शेवटी नेहमीचंच टंकलं:
‘अर्जदारास अज्ञानामुळे मुदतीत दाद मागता आली नाही.’
वर्षाला दोनशे वेळा टंकतो हे वाक्य.
वाचून दाखवलं.
‘बराबर शे,’ म्हणाला. ‘हाईच लिखा.’

सही मोडीसारखी लांब, हात न उचलता.
पैसे मोजून दिले, सुट्यासकट.
मग विचारलं, ‘मनी पाळी कधी येई?’
मी म्हटलं, तारीख पडेल.

जाताना पाणपोईचा नळ गळत होता.
त्यानं चावी आवळली. वायसर गेलेलं.
थेंब थांबेना, तरी तो
हात तसाच दाबून उभा राहिला,
मी दुसऱ्या पक्षकाराचा पहिला मुद्दा संपवेपर्यंत.

मान वर केली तेव्हाही तिथेच.
पाचोऱ्याची चारची गाडी निघून गेली होती.